पान एकसष्ट

खारव्यात गुंडाळलेली पोथी त्यांनी टेबलावर ठेवली
तांबट आळीत तापलेली परात ठेवतात तशी,
अंग जरा मागे घेऊन.
मोरेश्वर निजामपूरकर. वय विचारलं तर
"तेच मोजायला आलोय," म्हणाले.
ऐकू कमी येतं. जन्मभर तांबं ठोकलेल्या माणसाशी
जगाला ओरडूनच बोलावं लागतं.

मी पोथ्या दुरुस्त करते.
पातळ कागद, गव्हाची खळ, दोन नंबरचा कुंचला,
आणि श्वास धरून ठेवायची सवय.
देव कुठला, मंत्र कुठला, मी बघत नाही.
कसर कुठून शिरली ते बघते.

घटीपोथी. पानं साठ.
प्रत्येकावर एक वाटी, तळाला छिद्र, खाली पाणी,
समासात हातोडीच्या खुणा, मात्रांसारख्या तिरप्या.
पहिल्याच ओळीत:
"घटी बुडे तो काळ. न बुडे तें ऋण."
शेवटी लेखकाने विनवलंय, सगळेच विनवतात,
तेलापासून जपा, पाण्यापासून जपा,
आणि मग एक, जे मी आजवर कुठे वाचलं नव्हतं:
घाईपासून जपा.

साठाव्या पानाखाली अजून एक पान होतं.
"ते वडिलांनी वापरलंय," मोरेश्वर म्हणाले.
पानशेतच्या दिवशी.
मुठेचं पाणी आळीच्या तोंडाशी आलं
आणि उचललेला हातोडा थांबावा तसं थांबलं.
एक घटिका. चोवीस मिनिटं.
तेवढ्यात म्हाताऱ्या, पाळणे, भाते,
दावणीची एक शेळी, सगळं वरच्या अंगाला निघालं.
चमत्कार कुणीच म्हटलं नाही.
आळीत त्याला उसनवार म्हणतात.

"फेडायची राहिली. ते गेले.
आता माझ्या घरात कुठलीच वाटी बुडत नाही."

व्याज किती, मी विचारलं. पुण्याचीच आहे मी.
व्याज नाही. पण मुद्दल द्यायचं
ते कशासाठीही न वापरता.
जप नाही, आठवण नाही. झोप तर नाहीच.

एक वाजला. खाली अप्पा बळवंत चौकात शटरं पडली.
(एक ते चार ही वेळ कुठे जमा होते
ते पान तेविसावर आहे. सांगणार नाही.)
प्लास्टिकच्या टबात पाणी, त्यात त्यांची वाटी,
समोर ते, हात मांडीवर.
मी एकसष्टावं पान पुढ्यात ओढलं.
मधोमध भोक, मोहरीएवढं.
कसरीचंच असणार. चिकटवलं.
सुंदर बसलं ठिगळ. खरंच सुंदर.

वाटी तरंगत राहिली.
पंखा फिरत होता, वारा येत नव्हता.
खळीच्या वाडग्यावर माशी हवेत अडकलेली.
कुंचल्याच्या टोकाशी एक थेंब लोंबत होता,
लोंबतच होता,
किती वेळ, हे विचारायला वेळ नव्हता.
पानावर हात होता म्हणून मीच तेवढी हलत होते.

वाटीचं भोक आणि पानाचं भोक
दोन नव्हतीच.

बावीस वर्षांत पहिल्यांदा
माझं काम मीच सोलून काढलं,
ओल्या कापसाने, कडेकडेने, मनातून शिव्या देत.
थेंब पडला.
वाटीने एक घोट घेतला. थांबून दुसरा.
मोरेश्वरांची बोटं मांडीवर ठोके देत होती,
रिकाम्या हाताची त्यांना सवय नसावी.
मग तीही निवली.

वाटी तळाला टेकली तेव्हा बारीकसं टण् झालं.
मला जेमतेम आलं.
त्यांनी मान वळवली.

नोंदवहीत लिहिलं:
पान ६१. छिद्र एक. दुरुस्त केलेले नाही.
पुढचा रकाना कारणाचा.
पेन धरून बसले, टोपण लावलं,
आणि खिडकीतून ओरडून
दोन चहा सांगितले.
चार वाजल्याशिवाय मिळणार नाहीत म्हणाला.